डाव्या कोपऱ्यातला हात

मत्सर हा शब्द पुस्तकातला. आमच्या चाळीत त्याला पोटात दुखणं म्हणायचे, आणि तेच बरोबर आहे. माझं खरोखरच पोटात दुखायचं, बेंबीच्या जरा वर. आई ओवा चावायला द्यायची. ओव्यानं काय होणार? दुखण्याचं कारण समोरच्या पटांगणात माझ्या मित्राचा हात धरून उभं असायचं.

कल्याणला मालधक्क्याच्या मागे आमची बैठी चाळ होती. पत्र्याचं छप्पर, कुडाच्या भिंती, सगळ्यांत मिळून एक नळ आणि नळाच्या पलीकडे पटांगण. चाळीतले बहुतेक बाप धक्क्यावर हमाली करायचे, माझेही. शेजारच्या खोलीत माझा मित्र आणि त्याची आई. त्याला वडील नव्हते. आई बाजारात भाजीची पाटी घेऊन बसायची. आमच्या दोन खोल्यांमधल्या कुडाला एक भोक पडलेलं होतं, आणि लहानपणी आम्ही त्यातून एकमेकांना चिंचोके द्यायचो. दोन्ही आया ते भोक शेणानं लिंपायच्या आणि आम्ही ते पुन्हा पाडायचो. वयानं तो माझ्याएवढाच, पण चार पोरांत उभा राहिला की थोरला वाटायचा. सगळे त्याला कप्तान म्हणायचे. मीही इथे तेच म्हणतो.

आमचा खेळ हुतुतू. क्रिकेटला सामान लागतं, हुतुतूला फक्त अंग लागतं, आणि ते आमच्याकडे होतं. आता त्याला सगळे कबड्डी म्हणतात. म्हणोत. ज्यांनी खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी एवढंच सांगतो की समोरचा गडी दम धरून आपल्या अंगणात शिरतो, कुणाला तरी शिवून परत पळायला बघतो, आणि आपण त्याला दम सुटेपर्यंत धरून ठेवायचं असतं. एकट्यानं धरणं कठीण. म्हणून कोपऱ्यावरचे दोघे हात धरून उभे राहतात. त्याला साखळी म्हणतात. आमच्या संघात डावा कोपरा कप्तानाचा होता आणि त्याच्या शेजारी मी. त्याचा उजवा हात, माझा डावा. शाळेत जाण्याच्या वयापासून मिसरूड फुटेपर्यंत त्या जागा बदलल्या नाहीत.

साखळीत गोम अशी असते की दोघं एकाच वेळी सुटले पाहिजेत. एक आधी गेला तर तो फुकट बाद होतो. दुसरे संघ डोळ्यांनी खुणा करायचे, कुणी हळूच खाकरायचा, आणि समोरच्याला ते कळायचं. आमची खूण कुणालाच कळली नाही. कप्तान माझ्या हाताच्या पाठीवर अंगठा दाबायचा. बस. अंगठा दाबला की अर्थ एकच : मी जातोय, तू ये. तो घोट्याला झडप घालायचा आणि त्याच क्षणी मी वरून गुडघ्यावर असायचो. ही खूण कुणी शोधली यावरून आमचं भांडण होतं. तो म्हणायचा त्यानं, मी म्हणायचो मी. पण ती आमच्या दोघांच्या बाहेर जाणार नाही, यावर भांडण नव्हतं. शपथबिपथ काही घेतलेली नव्हती. घ्यावी असं वाटलंच नाही.

आणि मग तो आला.

विठ्ठलवाडीच्या पलीकडे लष्कराच्या रिकाम्या बराकींमध्ये सिंधी निर्वासितांचा कॅम्प वसला, तेव्हा आम्ही लहान होतो. मोठे लोक म्हणायचे, बिचारे घरदार टाकून आलेत. आम्हाला ते बिचारे वगैरे वाटायचे नाहीत, कारण त्यांची पोरं आमच्याइतकीच दांडगी होती. त्यातलाच एक आमच्या चाळीत पापड विकायला येऊ लागला. त्याची आई आणि बहिणी पापड लाटायच्या आणि हा खांद्याला पिशवी लावून दारोदार फिरायचा. उंच, रुंद, गोरा आणि पायांत नेहमी दुसऱ्याच कुणाच्या तरी मापाच्या चपला. आमच्या वयाचाच. संध्याकाळी पिशवी रिकामी झाली की तो पटांगणाच्या रेषेवर उभा राहून आमचा खेळ बघायचा.

एके दिवशी आमचा एक गडी तापानं आडवा होता. कप्तान त्या कॅम्पवाल्याला सिंध्यांसारखी हाक मारत म्हणाला, "ए साईं, खेळणार का?"

त्यानं पिशवी नळावर टांगली आणि आत आला. आम्ही आपसांतच दोन बाजू पाडून खेळत होतो, आणि मी समोरच्या बाजूनं चढाईला गेलो. मनात म्हटलं, याला आधी शिवू, नवखा आहे. मी हात लावला, वळलो, आणि पुढचं मला आठवतं ते असं की माझे पाय जमिनीवर नव्हते. त्यानं मागून कमरेला मिठी घालून मला उचललं होतं आणि हमाल पोतं ठेवतो तसं त्यानं मला खाली ठेवलं. पोरं हसली. हसू देत, पोरं कशालाही हसतात. पण कप्तान हसला, पोट धरून हसला, आणि ते मी आजतागायत विसरलो नाही.

"अरे, हे कुठं शिकलास?" कप्तानानं त्याला विचारलं.

"हमारे उधर मेले में कुस्ती होती है ना, अशी कमरेला पकडून," तो म्हणाला. "दादाजी लेके जाते थे."

दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला. तिसऱ्या दिवशी आमचा तापवाला गडी बरा होऊन आला, तरीही हा होताच. महिन्याभरात कप्तान मला म्हणाला, "तू मध्ये ये. तुझा दम लांब आहे. चढाया तू कर."

"आणि तुझ्या शेजारी?"

"त्याला घेतो."

"त्याला कुठं काय येतंय?"

"शिकेल की रे. तुला पण कुठं येत होतं?"

आयत्या बिळावर नागोबा ही म्हण मला शाळेत पाठ होती, अर्थ त्या संध्याकाळी कळला. माझ्या जागेवर तो उभा होता. कप्तानाचा उजवा हात आता त्याच्या डाव्या हातात होता. मी मध्ये मोकळ्या हातांनी उभा होतो आणि त्या हातांचं काय करावं हे मला कळत नव्हतं.

पुढच्या दिवसांत तो खेळापुरता राहिला नाही. पाणी एकदा शिरलं की ते कुठल्या खोलीत थांबणार? कप्तानाच्या आईच्या चुलीपुढे माझी एक ठरलेली जागा होती, भिंतीला टेकून, लोट्याच्या बाजूला. एकदा गेलो तर तिथं हा बसलेला, भाकरी मोडून पिठल्यात बुडवत. म्हातारी त्याला वाढताना म्हणत होती, "खा रे मेल्या, लाजतोस काय?" हे वाक्य माझं होतं. अगदी या शब्दांत ते मी लहानपणापासून ऐकत आलेलो. मला बघून ती म्हणाली, "तू पण ये की, दारात काय उभा?" मी म्हटलं, जेवून आलोय. जेवलेलो नव्हतो. घरी जाऊन बघितलं तर माझ्या आईनंही माझी भाकरी झाकून ठेवलेली नव्हती, कारण मी तिकडेच जेवीन असं तिनं धरलं होतं.

कप्तानाला पापडाचं वेड लागलं. वरणभातासोबत पापड, चहासोबत पापड. बोलताना तो आमच्यातल्या कुणालाही साईं म्हणू लागला. मला साईं म्हणाला तेव्हा मी सांगितलं, माझ्याशी नीट बोल. तो बघतच राहिला. उलट त्या कॅम्पवाल्याचं मराठी दिवसेंदिवस सुधारत होतं. वर्षभरात तो असं बोलायला लागला की बाजारातल्या बायका त्याला आमच्यापैकीच समजत. मी मनाशी म्हणायचो, निदान याचं मराठी तरी वाईट राहू दे, देवा, तेवढं तरी माझ्याकडे ठेव. तेही राहिलं नाही.

हे सगळं मी कसंतरी निभावून नेलं असतं. भाकरीचं दुःख मोठं नसतं. मला खात होती ती एकच गोष्ट. कप्तानानं त्याला अंगठ्याची खूण सांगितली का?

सांगितलीच असणार. नाहीतर ते दोघं इतके एकदम कसे सुटत होते? साखळीत काहीतरी खूण लागतेच, आणि तयार खूण असताना कुणी नवी कशाला काढेल? असा हिशेब मी मांडायचो आणि उत्तर एकच यायचं. विचारायची मात्र हिंमत नव्हती. विचारलं आणि तो सहज म्हणाला, "हो, सांगितली, का रे?" तर? त्या "का रे"ला माझ्याकडे काय उत्तर होतं? अंगठा दाबला त्यात काय एवढं, असं जग म्हणालं असतं. जगाचा हात कप्तानानं कधी धरलेला नव्हता.

तेवढ्यात ठाण्याचे सामने आले. तेव्हा खेळावर नोकरी मिळायची. गिरण्यांचे, कारखान्यांचे संघ असायचे, आणि मैदानावर एखादा गडी डोळ्यांत भरला की त्याला कामावर घ्यायचे, पाळीवर काम आणि संध्याकाळी सराव. कोलशेतच्या बाजूला खाडीजवळ एक नवा कारखाना उभा राहत होता आणि त्यांचा माणूस गडी निवडायला येणार होता. ही बातमी आमच्या चाळीत लग्नाच्या बातमीसारखी फिरली. माझे वडील, जे खेळाला उनाडक्या म्हणायचे, त्यांनी त्या सकाळी माझ्या पाठीवर हात ठेवला.

सामन्याचं सगळं सांगत नाही, एकच पकड सांगतो. खेळ संपत आला होता. त्यांचा सर्वांत भारी गडी चढाईला आला आणि आमच्या डाव्या कोपऱ्यावर घुटमळू लागला. मी मध्ये उभा होतो, कुणाचाही हात हातात नसलेला. पण कप्तान कधी सुटणार हे कळायला मला त्याचा हात लागत नव्हता. त्याच्या मानेची शीर, त्याचा थांबलेला श्वास, ते सगळं मी लहानपणापासून शेजारी उभं राहून शिकलो होतो. त्या क्षणी माझ्या डाव्या हाताच्या पाठीवर कुणीतरी दाबल्यासारखं झालं आणि मी झेपावलो. कप्तान घोट्यावर, कॅम्पवाला कमरेवर आणि मी गुडघ्यावर. चौघांचा ढीग झाला. गडी मेला, सामना आमचा झाला. पंचांची शिट्टी वाजली तेव्हा मी सगळ्यांच्या खाली होतो, तोंडात माती, आणि त्या गड्याचा गुडघा अजून माझ्याच हातांत होता. वरचे दोघे उठून उभे राहिले आणि लोकांनी त्यांना खांद्यावर घेतलं.

कारखान्याचा माणूस खुर्चीवरून उठला आणि म्हणाला, "डाव्या कोपऱ्याची ती जोडी पाठवून द्या."

जोडी. हा शब्द त्यानं वापरला.

दोन दिवसांनी खाडीच्या काठावर आम्ही दोघंच बसलो होतो, मी आणि कप्तान. तोच म्हणाला, "रागावलायस?"

"कशाला?"

"हे बघ, तू मॅट्रिक झालास. तुला आज ना उद्या टेबलखुर्चीची नोकरी लागेल. मला लिहिता येत नाही धड. आणि त्याला इथं कोण विचारतंय? पापड विकून बहिणींची लग्नं व्हायची आहेत का त्याच्या? म्हणून मी त्याला कोपऱ्यावर घेतलेलं. त्या कारखान्याचं मला आधीपासून ठाऊक होतं."

बोलणं शहाण्या माणसाचं होतं. एकेक शब्द खरा होता. मला लागेल ती नोकरी खरोखरच चांगली असणार होती, आणि पुढे धक्क्याच्या ऑफिसात ती लागलीही. पण मला शहाणपणा नको होता. त्यानं मला चुकून बाजूला केलं असतं तर मी सोसलं असतं. त्यानं नीट विचार करून मला बाजूला केलं होतं, आणि वर ते माझ्याच भल्याचं होतं. अशा माणसावर रागावताही येत नाही. मी खडे उचलून पाण्यात टाकत बसलो. तेव्हाही अंगठ्याचं विचारलं नाही.

नंतर आमचं बोलणं तुटलं नाही, पण पातळ झालं. ते दोघं एकत्र कामावर जायचे, एकत्र यायचे, कारखान्यानं दिलेल्या एकसारख्या निळ्या बनियनी घालून. माझ्या अंगावर ऑफिसचा सदरा. चाळीतले लोक मला साहेब म्हणून चिडवायचे आणि त्या दोघांना टाळ्या द्यायचे. त्यांचे सामने असले की मी जायचो. सांगायचो नाही. गर्दीत सगळ्यांत मागे, बांबूला धरून उभा राहायचो. लोक चढाया बघायचे, मी एकाच ठिकाणी बघायचो, डाव्या कोपऱ्यातल्या त्या दोन हातांकडे. इतक्या लांबून अंगठा दिसतो होय? पण मी बघत राहायचो, आणि पकड झाली की सगळे ओरडायचे आणि माझ्या पोटात कळ यायची.

मग कप्तानाचं लग्न ठरलं. मुलगी टिटवाळ्याची. आम्ही वऱ्हाड घेऊन गेलो. म्हातारी सगळ्यांना सांगत होती, "ही माझी दोन पोरं आहेत, काय लागेल ते यांना सांगा." त्यातलं एक पोर मी होतो आणि दुसरं तो. झालं, लोकांनी आम्हा दोघांनाच कामाला जुंपलं. जानवशाच्या घरी पाणी नव्हतं. आडातून मोठा हंडा भरून, त्याला दोर बांधून, बांबूला लटकवून दोघांनी खांद्यावर आणायचा. तो पुढे, मी मागे. त्याची रुंद पाठ माझ्यासमोर आणि मधे डचमळणारं पाणी.

त्याची पाठच दिसत होती म्हणून असेल, किंवा कप्तान आता दोघांच्याही हातून चाललाच होता म्हणून असेल, मी विचारलं. "कोपऱ्यात कप्तान तुला इशारा कसा देतो रे?"

"कसला इशारा?"

"सुटायचा. साखळीतून."

तो चालतच होता. "इशारा? नाही बाबा. मी त्याचा खांदा बघतो. खांदा खाली गेला की मी सुटतो. सुरुवातीला किती चुकलो, किती शिव्या खाल्ल्या. मी त्याला म्हटलेलं, हाताला काही खूण कर ना. तो बोलला, हातानं नाय जमत. हात तर इतका ढिला धरतो, मला वाटतं माझ्या हाताला घाम येतो म्हणून."

मला इतका आनंद झाला की हंडा सांडला असता. इतकी वर्षं गर्दीत मागे उभा राहून मी जे बघत होतो ते तिथं नव्हतंच. नोकरी त्याला दिली, भाकरी त्याला दिली, जागा त्याला दिली. खूण दिली नाही. ती माझी होती आणि माझीच राहिली होती, कुडाच्या भोकातल्या चिंचोक्यासारखी. जानवशाच्या अंगणात पोचेपर्यंत मी तोंडातल्या तोंडात काहीतरी गुणगुणत होतो.

हंडा खाली ठेवून तो वळला. त्यानं आता विचार केला होता.

"म्हणजे तुमच्यात इशारा होता?"

मी त्याच्या चेहऱ्याकडे बघितलं. गोरा, घामानं डबडबलेला, नाकपुड्या जरा फुगलेल्या, ओठ घट्ट. तो चेहरा मी कुठंतरी पाहिला होता. आमच्या खोलीत दाढी करायचा जो फुटका आरसा होता, त्यात रोज सकाळी पाहिला होता.

"काय होता? मला सांग ना."

वाटलं, सांगावं. बिचारा हात ढिला का म्हणून स्वतःच्या घामाला दोष देत राहिला. खूण आता कुणाला लागणार होती? कप्तान खेळणार अजून दोनचार वर्षं. सांगितलं असतं तर तो त्या कोपऱ्यात जाऊन म्हणाला असता, आता अंगठा दाब. आणि कप्तानानं दाबला असता, तो कुणाला नाही म्हणत नाही.

"विसरलो," मी म्हटलं.

त्याला पटलं नाही. पटावं असं मला वाटतही नव्हतं.

लग्न लागलं. अक्षता पडल्या, होम झाला, सप्तपदी आली. मांडवात तांदळाच्या राशी मांडलेल्या होत्या. आम्ही दोघं बाजूच्या खांबाला टेकून उभे होतो, खांद्याला खांदा लावून. भटजींनी सांगितलं तसा कप्तानानं बायकोचा हात धरला, आपल्या उजव्या हातानं. लोक नवरीचा चेहरा बघत होते, शालू बघत होते. मी त्याचा अंगठा बघत होतो. शेजारचाही मान उंच करून काहीतरी शोधत होता, पण कुठं बघायचं ते त्याला माहीत नव्हतं.

पहिल्या राशीशी कप्तान थांबला. त्याच्या मानेची शीर मला दिसली, श्वास थांबलेला दिसला. मग अंगठा नवरीच्या हाताच्या पाठीवर टेकला आणि दाबला गेला. हलकेच. त्यानं पाऊल उचललं, आणि त्याच क्षणी तिनंही.

"काय झालं?" शेजारच्यानं विचारलं.

"कुठं काय," मी म्हटलं.

आणि माझ्या पोटात दुखायला लागलं, बेंबीच्या जरा वर.